एलामला एक न्याय, सिंधूला दुसरा?

कोल्हापुरात इतिहासाच्या व्याख्यानाला श्रोते मिळत नाहीत, अशी तक्रार कुणी करू नये. सभागृह भरते, प्रश्नोत्तरे लांबतात आणि मग बाहेर चहाच्या गाड्यावर दुसरे सत्र सुरू होते. या दुसऱ्या सत्रात हल्ली एक युक्तिवाद हमखास ऐकू येतो. फ्रांस्वा देसे नावाच्या फ्रेंच संशोधकाने इराणातली चार हजार वर्षांपूर्वीची एलामी रेषालिपी वाचली, तर जगाने त्याला डोक्यावर घेतले. आपल्या लोकांनी सिंधू लिपी वाचली, ती संस्कृत आहे हे दाखवून दिले, तर तेच जग नाक मुरडते. का? तर तो गोरा आणि हे आपले. एलामला एक न्याय आणि सिंधूला दुसरा.

हे कानाला गोड लागते, कारण त्यात थोडे तथ्य आहे. वसाहतीच्या काळात इथल्या विद्वानांच्या वाट्याला दुय्यम वागणूक आली, हे कुणी नाकारणार नाही. पण त्या तथ्याच्या आडोशाने जे पुढे सरकवले जाते ते साफ चुकीचे आहे. एलामचा साक्षीदार या मंडळींनी स्वतःहून उभा केला आहे, तेव्हा त्याची उलटतपासणी झालीच पाहिजे. ती केली की साक्ष नेमकी उलटी निघते.

एलाम म्हणजे आजच्या इराणचा नैर्ऋत्य कोपरा, आणि सूसा हे त्याचे मुख्य शहर. फ्रेंचांनी तिथे उत्खनन केले तेव्हा रेषा, चौकटी आणि ठिपक्यांच्या अपरिचित चिन्हांचे काही शिलालेख हाती लागले. त्यांतला एक दगड आज पॅरिसच्या लूव्ह्र संग्रहालयात आहे. त्यावर सिंह कोरलेला आहे आणि मजकूर दोन लिप्यांत आहे. एक अक्कादी भाषेतला, कीलाकार लिपीतला, म्हणजे वाचता येणारा. दुसरा या अपरिचित चिन्हांतला. अक्कादी मजकुरात पुझुर-इन्शुशिनाक हे राजाचे नाव आहे, इन्शुशिनाक हा देव आहे, राजाच्या बापाचे नाव आहे. फर्डिनांड बोर्क या जर्मन अभ्यासकाने 1905 मध्ये या नावांच्या आधाराने दुसऱ्या मजकुरातली काही चिन्हे जुळवून पाहिली. देवाचे नाव राजाच्या नावातही येते, म्हणजे तीच चिन्हे त्याच क्रमाने दोनदा यायला हवीत. तशी ती आली. दहा-बारा चिन्हांचे उच्चार त्यातून हाती लागले.

त्यानंतर गाडी अडली. कार्ल फ्रँकने 1912 मध्ये भर घातली, वाल्टर हिन्झने 1960च्या दशकात पूर्ण वाचने मांडली, इटलीच्या पिएरो मेरिज्जींनी आपली वेगळी मांडली. हे सगळे युरोपीय, सगळे नावाजलेले. तरी बोर्कनंतर शंभरावर वर्षे ही लिपी अभ्यासकांच्या यादीत ‘न उलगडलेली’ म्हणूनच राहिली. गोऱ्या कातडीला सूट मिळते म्हणणाऱ्यांनी ही शंभर वर्षे कुठल्या खात्यावर मांडायची ते सांगावे. हिन्झसारख्या माणसाने छापलेली भाषांतरेही लोकांनी वाचली, तपासली आणि बाजूला ठेवली.

देसे यांनी वेगळे काय केले? त्यांना नवा पुरावा मिळाला. लंडनमधल्या एका खासगी संग्रहात चांदीची भांडी होती आणि त्यांच्या काठाखाली याच लिपीतले लेख होते. ही भांडी पुझुर-इन्शुशिनाकच्या काळानंतरची, म्हणजे सूसाच्या शिलालेखांपेक्षा वेगळ्या राजांची. त्या काळातल्या एलामी राजांची नावे कीलाकार लेखांतून आधीच माहीत होती. आता एक चिन्हसमूह डोळ्यांसमोर आणा: चार चिन्हे, आणि त्यांतली शेवटची दोन अगदी सारखी. माहीत असलेल्या राजांच्या यादीत शेवटचा उच्चार दोनदा येणारा राजा कोण? शिल्हाहा. हे बसले की ‘शि’ मिळते, आणि ‘शि’ तर इन्शुशिनाकच्या नावातून बोर्कने आधीच काढलेली होती. दोन वाटा एका जागी येऊन मिळाल्या. मग एपार्ती हा राजा, नपिरिशा हा देव, अशी एकेक नावे उघडत गेली. प्रत्येक नव्या नावात आधी ठरलेली चिन्हे तीच राहावी लागत होती. एखादे जरी हलले असते, तरी सगळी मांडणी कोसळली असती.

2020 मध्ये देसे यांनी हे जाहीर केले आणि 2022 मध्ये चार सहकाऱ्यांसह जर्मनीतल्या असिरियाविद्येच्या जुन्या नियतकालिकात सविस्तर लेख छापला. आता जगाने डोक्यावर घेतल्याची गोष्ट. वृत्तपत्रांनी घेतले, खरे आहे. अभ्यासकांनी लगेच बोट ठेवले. उपलब्ध लेख चाळीसच्या आसपास, मग काही चिन्हांचे उच्चार एखाद्या-दुसऱ्या ठिकाणावरून ठरवले त्यांचे काय? चांदीची भांडी उत्खननातून आलेली नाहीत, बाजारातून संग्रहात गेली आहेत, मग त्यांच्या मूळ ठिकाणाची खात्री कोण देणार? ही लिपी पूर्णपणे उच्चारांचीच आहे, तिच्यात शब्दचिन्हे मुळीच नाहीत, हे म्हणणे जरा जास्तच ठाम नाही का? आणि तिच्याहून हजार वर्षे जुनी आद्य-एलामी लिपी हीच तिची आई, म्हणून इराणही लेखनकलेचे मेसोपोटेमियाइतकेच जुने माहेर आहे, हा पुढचा दावा तर अनेकांनी मानलेलाच नाही. इराणात त्या शेवटच्या दाव्याचे जोरदार स्वागत झाले. देशाभिमान काही आपल्याकडेच पिकत नाही.

म्हणजे नाव-गाव जुळवून, पुरावा मांडून, सहकाऱ्यांसह छापूनही देसे यांना आज प्रत्येक चिन्हासाठी उत्तर द्यावे लागते. यालाच ‘डोक्यावर घेणे’ म्हणत असतील, तर आपल्याकडच्या दावेदारांनी तो मान जरूर मागावा.

एक फरक मात्र मुळातच आहे, आणि तोच या युक्तिवादात गाळला जातो. एलामी भाषा आधीपासून माहीत होती. इराणातल्या बेहिस्तूनच्या कड्यावर दारयवहू राजाने आपला पराक्रम तीन भाषांत कोरवला आहे: जुनी फारसी, एलामी आणि बाबिली. तो उतरवून घेणारा हेन्री रॉलिन्सन हा ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई लष्करातला अधिकारी, 1827 मध्ये इकडे आलेला. आधी जुनी फारसी सुटली. तिच्या आधाराने एलामी मजकूर सुटत गेला आणि एडविन नॉरिसने तो 1855 मध्ये प्रसिद्ध केला. पुढे पर्सेपोलिसला 1933च्या सुमारास हिशेबाच्या हजारो एलामी पाट्या सापडल्या. थोडक्यात, देसे कामाला बसले तेव्हा त्या भाषेतले प्रत्यय, क्रियापदे, देवांची नावे, राजाने बिरुदे लावण्याची रीत, सगळे कोशात होते. लिपी कुलूपबंद होती, भाषा नव्हती.

सिंधूच्या बाबतीत लिपीही बंद आणि भाषाही. ती संस्कृत होती असे धरून चालायचे, तर मग सिद्ध काय करायचे राहिले? जे सिद्ध करायचे तेच गृहीत धरणे, याला तर्कशास्त्रात नाव आहे. आपल्याकडे त्याला ‘संशोधन’ म्हणायची चाल पडते आहे.

इथे दुसरी बाजूही सुटू नये. मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयातले फादर हेरास हे मोठे इतिहासकार. त्यांनी सिंधू मुद्रा द्राविड भाषेत वाचल्या आणि 1953 मध्ये जाडजूड ग्रंथ छापला. त्यातली माशाच्या चिन्हाची ‘मीन’ ही कल्पना पुढे इतरांनी जपली, पण त्यांची बाकीची वाचने कुणी उचलली नाहीत. एलामी आणि द्राविड भाषा सख्ख्या बहिणी आहेत असे डेव्हिड मॅकअल्पिन यांनी 1970च्या दशकात मांडले. तेवढ्या धाग्यावर ‘एलाम वाचले, आता सिंधू द्राविड ठरलीच’ अशी उडी मारणारेही आहेत. भाषाशास्त्रज्ञांमध्ये ते नाते आजही सर्वमान्य नाही. तमिळनाडू सरकारने जानेवारी 2025 मध्ये ही लिपी उलगडणाऱ्याला दहा लाख डॉलरचे बक्षीस जाहीर केले. बक्षीस लावणे वाईट नाही, पण उत्तर कुठले हवे ते बक्षीस लावणाऱ्याला आधीच ठाऊक असावे, असा वास त्याला येतो. नागपूरकडून असो वा चेन्नईकडून, उत्तर आधी ठरवून चिन्हे मागून जुळवणारे सगळे एकाच बाकावर बसलेले आहेत.

आता ‘पण आमचे वाचन अर्थपूर्ण लागते’ या हुकमी एक्क्याकडे येऊ. श्लोक निघतात, देवांची नावे निघतात, मग चूक कसे?

इरावतम महादेवन यांनी 1977 मध्ये सिंधू लेखांची जी सूची केली तिच्यात 417 वेगवेगळी चिन्हे आहेत. लेख मात्र सरासरी पाचेक चिन्हांचे. पाच चिन्हांत कसला श्लोक बसतो? बसवला जातो तो असा. प्रत्येक चिन्हाला एक व्यंजन द्यायचे आणि स्वर वाचणाऱ्याने पदरचे घालायचे. समजा तीन चिन्हांना क, ल, प दिले. आता वाचा: कल्प. कलाप. कुलप. कुलूप. ‘ल’ आणि ‘ळ’ एकच मानला तर कळप. प्राचीन काळी ‘ह’ आणि शेवटचा ‘र’ लिहीत नसत अशी एक छोटीशी पुरवणी जोडली की कोल्हापूर! हडप्पाच्या मुद्रेवर कोल्हापूर सापडले, अंबाबाईच्या गावाचे प्राचीनत्व पाच हजार वर्षांवर गेले, उद्या मिरवणूक काढा. यात एकही नियम मोडलेला नाही, कारण मोडण्याजोगा नियम ठेवलेलाच नाही. या पद्धतीने निघालेल्या वाचनाला अर्थ असतो, यात शंका नाही. तो वाचणाऱ्याने आणलेला असतो.

शिल्हाहाच्या शेवटच्या दोन ‘हा’ना ही मोकळीक नव्हती. पुन्हा आले की ते ‘हा’च असायला हवेत.

मोकळीक कुठवर जाते याचा नमुना 2000 साली दिसला. नटवर झा आणि एन. एस. राजाराम यांनी सिंधू लिपी वैदिक संस्कृतात वाचल्याचे पुस्तक काढले आणि हडप्पात घोडा होता याचा पुरावा म्हणून एका मुद्रेचे चित्र दिले. मायकेल विट्झेल आणि स्टीव्ह फार्मर यांनी ‘फ्रंटलाइन’मध्ये मूळ मुद्रेचे छायाचित्र शेजारी ठेवले. ती मुद्रा अर्धी तुटलेली होती आणि उरलेला भाग हडप्पात पोत्याने सापडणाऱ्या एकशिंगी बैलाचा होता. घोडा संगणकावर तयार झाला होता. हे उघडे पाडणारे परदेशी होते म्हणून घोडा खरा होत नाही. गंमत म्हणजे त्याच फार्मर आणि विट्झेल यांनी रिचर्ड स्प्रोट यांच्यासह 2004 मध्ये सिंधू चिन्हे ही मुळी लिपीच नाही असा टोकाचा दावा केला, तेव्हा त्याला आकडेवारीने उत्तर देण्यात मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले निशा यादव आणि मयंक वाहिया पुढे होते. राजेश राव यांच्याबरोबरचा त्यांचा लेख 2009 मध्ये ‘सायन्स’मध्ये आला. चिन्हांच्या क्रमात भाषेसारखी शिस्त दिसते, एवढेच ते म्हणाले. त्यावरही वाद झाला आणि चालू आहे. पण लक्षात घ्या, भारतीय संशोधकांचे म्हणणे जगाने छापले, वाचले, त्याच्याशी झगडा केला. ‘आपले म्हणून दुर्लक्ष’ या तक्रारीत हे बसत नाही. त्यांनी लिपी वाचल्याचा दावा केला नाही, म्हणून कदाचित व्याख्यानमालांतून त्यांचे नाव फारसे ऐकू येत नसावे.

‘ही पद्धतच साहेबाची, आपली नव्हे’ असाही एक सूर असतो. तो सूर लावणाऱ्यांनी आपल्याच गावच्या मातीत एकदा उकरून बघावे.

पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरीच्या टेकाडावर डेक्कन कॉलेजच्या सांकलिया आणि दीक्षित यांनी 1945-46 मध्ये उत्खनन केले. तिथला काशाचा पोसायडन, म्हणजे ग्रीकांचा समुद्रदेव, आज टाऊन हॉलच्या संग्रहालयात उभा आहे आणि शाळेच्या सहली त्याच्यासमोर थांबतात. पण लिपीच्या दृष्टीने अधिक बोलकी आहेत ती कोल्हापूर परिसरात मिळालेली शिशाची आणि पोटीनची नाणी. एका बाजूला ताणलेले धनुष्य, त्यावर बाण, भोवती कडेने ब्राह्मी अक्षरे. दुसऱ्या बाजूला कमानींचा डोंगर आणि कठड्यातले झाड. ठसा चकतीपेक्षा मोठा, त्यामुळे एका नाण्यावर निम्मी अक्षरे कडेबाहेर गेलेली, दुसऱ्यावर भलतीच निम्मी. अशी अनेक नाणी शेजारी ठेवून मजकूर पुरा झाला: रञो वासिठीपुतस विळिवायकुरस. रञो माढरीपुतस सिवलकुरस. रञो गोतमिपुतस विळिवायकुरस. तीन राजे.

कोण आधी, कोण नंतर? इथे नाण्यांनीच साक्ष दिली. सिवलकुराचा ठसा वासिठीपुताच्या नाण्यांवर पुन्हा मारलेला सापडला, आणि गोतमिपुताचा ठसा त्या दोघांच्याही नाण्यांवर. जुन्या नाण्यावर नवा ठसा मारता येतो, उलटे होत नाही. आणि मग बाहेरचा साक्षीदार आला. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात टॉलेमी हा ग्रीक भूगोलकार दख्खनमधल्या हिप्पोकुरा या नगराची नोंद करतो आणि ते बलेओकुरोस राजाचे ठाणे असल्याचे सांगतो. विळिवायकुर आणि बलेओकुरोस. हजारो मैलांवर बसलेल्या माणसाला कोल्हापूरच्या नाण्यावर काय लिहिले आहे ते माहीत असण्याचे कारण नव्हते. अशी साक्ष मिळाली की वाचनाला पाय फुटतात.

एवढे होऊनही हे राजे सातवाहनांपैकीच, की त्यांचे सुभेदार, की स्वतंत्र स्थानिक घराणे, यावर नाणेशास्त्रज्ञांचे एकमत नाही. हिप्पोकुरा नेमके कुठले, यावरही नाही. नावातला ‘कुर’ द्राविड वळणाचा असावा असे अनेकांचे मत आहे. लिपी अक्षर न अक्षर वाचलेली, भाषा प्राकृत म्हणून ओळखीची, तीन-तीन प्रकारचे पुरावे, आणि तरी ‘बहुधा’ हा शब्द सुटत नाही. पाच चिन्हांच्या मुद्रेवरून वैदिक ऋषींची वंशावळ सांगणाऱ्याच्या तोंडी हा ‘बहुधा’ कधी ऐकला आहे?

ती ब्राह्मी तरी आपोआप कुठे उघडली? हिंदी-ग्रीक राजांची दोन लिप्यांतली नाणी, एका बाजूला ग्रीक आणि दुसऱ्या बाजूला ब्राह्मी, त्यावरून लासेनने 1836 मध्ये राजाचे नाव काढले. 1837 मध्ये जेम्स प्रिन्सेपला सांचीच्या कठड्यांवरच्या छोट्या लेखांच्या शेवटी तीच अक्षरे पुन्हा पुन्हा दिसली. देणगीदारांनी कोरवलेले लेख, म्हणजे शेवटी ‘दानं’ असणार, हा त्याचा अंदाज. द आणि न सापडले आणि बांध फुटला. त्याच्या त्या अंदाजाची परीक्षा पुढे गावोगावी होत राहिली. कोल्हापुरात एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात एका स्तूपात धातुपेटी मिळाली. तिच्या झाकणावर ब्राह्मीत लिहिले आहे: बम्हस दानं, धमगुतेन कारितं. बम्हाचे दान, धम्मगुप्ताने करवून घेतलेले. प्रिन्सेप तोवर कधीच वारला होता, ही पेटी त्याने पाहिली नव्हती, आणि त्याची अक्षरे तिथे चपखल बसली.

या कामात आपली माणसे काठावर उभी नव्हती. बाळशास्त्री जांभेकरांनी ताम्रपट वाचून प्रसिद्ध केले. भाऊ दाजींनी अजिंठ्याचे लेख तपासले, भगवानलाल इंद्रजींनी नाणेघाटातले आकडे सोडवले. आणि आमच्या राजाराम कॉलेजचे प्रा. के. जी. कुंदणगार! कोल्हापूर संस्थान आणि उत्तर कर्नाटकातले शिलालेख गोळा करून त्यांनी 1939 मध्ये ग्रंथ काढला, त्यातले किती तरी लेख जुन्या कन्नडमधले. खिद्रापूरच्या कोपेश्वर मंदिरात सिंघण यादवाचा शके 1136चा संस्कृत लेख देवनागरीत आहे, पण त्याच देवळातले बहुतेक लेख कन्नड आहेत. सीमावादाच्या जिल्ह्यात ही गोष्ट सगळ्यांना रुचते असे नाही. दगडाला आपल्या रुचीशी देणेघेणे नसते, आणि कुंदणगारांनी जे कोरले होते तेच छापले.

माझ्या मते खऱ्या वाचनाची ही एक चांगली खूण आहे: ते कधी ना कधी वाचणाऱ्याच्या मनाविरुद्ध जाते. मायकेल व्हेंट्रिसला क्रीटच्या ‘लिनिअर बी’ पाट्यांची भाषा एट्रुस्कनसारखी असेल असे वर्षानुवर्षे वाटत होते. 1952 मध्ये ती ग्रीक निघाली आणि त्याने आपला लाडका सिद्धान्त सोडला. पुढच्याच वर्षी कार्ल ब्लेगन यांनी पायलॉसच्या उत्खननातली, व्हेंट्रिसने न पाहिलेली एक पाटी त्याच्या किल्लीने वाचून पाहिली. भांड्यांची चित्रे आणि शेजारी शब्द: तिपाई असलेल्या भांड्यापुढे ‘तिपाई’, चार कानांच्या भांड्यापुढे ‘चार कानांचे’, बिनकानाच्या भांड्यापुढे ‘बिनकानाचे’. वादाचे तोंड बंद झाले. सिंधू लिपी वाचलेल्या आपल्याकडच्या एका तरी माणसाच्या हाती त्याला नको असलेले उत्तर लागले का? संस्कृत शोधणाऱ्याला संस्कृत मिळते, तमिळ शोधणाऱ्याला तमिळ, आणि अधूनमधून मराठी शोधणाऱ्यालाही मराठी मिळते.

परंपरा अखंड आहे, म्हणून आपल्याला द्विभाषिक लेखाची गरज नाही, असे सांगितले जाते. परंपरा अखंड असूनही मोडीचे काय झाले ते बघा. मोडी काही हडप्पाची लिपी नाही. आमच्या आजोबांच्या पिढीने ती शाळेत गिरवली. करवीर दरबारचे कागद रुमालांत बांधलेले कोल्हापूरच्या पुरालेखागारात आहेत आणि ते वाचू शकणारी माणसे मोजकी उरली आहेत. आधी ओळभर शिरोरेघ, मग हात न उचलता त्याखाली धावलेले अक्षर, दोन शब्दांत जागा नाही, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही. एक ‘क’ आणि एक ‘फ’ ओळखायला नवशिक्याला घाम फुटतो. दोन पिढ्यांत सुटलेल्या, कळत्या भाषेतल्या, आपल्याच घरातल्या लिपीची ही अवस्था असेल, तर चार हजार वर्षांच्या अखंड स्मृतीच्या गप्पा कुणाच्या जोरावर?

सप्टेंबर 2023 मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली आणि जुन्या दप्तरांतल्या कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा सगळ्या महाराष्ट्राला एकाएकी मोडी वाचणारे हवेसे झाले. गावोगावचे जन्म-मृत्यूचे नमुने, शाळेची रजिस्टरे, जमिनीचे कागद उघडले गेले. तिथे वाचणाऱ्याला पदरचा स्वर घालायची मुभा होती का? एका अक्षरावर एखाद्या घराचा दाखला अवलंबून, वाचणाऱ्याने वाचलेले दुसऱ्याने तपासायचे, मग त्यावर सरकारी सही. नोंद हवी तशी वाचून दिली असती, तर वाचणारा अडकला असता. सातबाऱ्याच्या बाबतीत आपण सगळे कडक पुरावावादी असतो. शेजाऱ्याने बांधाचा जुना कागद ‘ध्यानातून’ वाचला तर आपण त्याला तलाठ्याकडे ओढतो. मग हडप्पाच्या मुद्रांना तेवढी कडक नजर का नको?

सिंधू लिपी कधी उलगडणार नाही असे माझे म्हणणे नाही. लूव्ह्रमध्ये अक्कादी काळातली एक मुद्रा आहे, तिच्यावर शू-इलिशु नावाच्या माणसाने आपला हुद्दा कोरला आहे: मेलुहाच्या भाषेचा दुभाषी. मेलुहा म्हणजे बहुतेकांच्या मते सिंधू खोरे. दुभाषी होता, व्यापार होता, तर मेसोपोटेमियाच्या मातीत कधी तरी दोन भाषांतला मजकूर मिळू शकतो. आपल्या श्रीरामपूर तालुक्यातल्या दायमाबादलाही उत्तर-हडप्पा काळातल्या मातीच्या मुद्रांवर सिंधू वळणाची चिन्हे मिळाली आहेत. तिथे खोदणारे साळी यांनी ती सिंधू चिन्हे म्हणून नोंदवली आणि तिथेच थांबले.

तोवर दावे येतच राहतील, तेव्हा त्यांच्यासाठी एक जुनी, पारखलेली रीत सुचवतो. कीलाकार लिपी खरेच वाचता येते का, अशी शंका 1857 मध्ये लंडनमध्ये होतीच. तिथल्या रॉयल एशियाटिक सोसायटीने तिग्लथ-पिलेसर राजाच्या नव्याने मिळालेल्या लेखाच्या प्रती रॉलिन्सन, हिंक्स, ओपर्ट आणि टॅल्बट या चौघांकडे पाठवल्या. चौघांनी एकमेकांशी न बोलता भाषांतरे केली, ती मोहोरबंद पाकिटांत आली, समितीसमोर फोडली गेली. मजकूर मुख्य बाबींत जुळला आणि वाद मिटला.

कोल्हापुरात हे करायला काहीच अडचण नाही. सिंधू लिपी उलगडल्याचे सांगणाऱ्या चौघांना बोलवा, संस्कृतवाले दोन, द्राविडवाले दोन. महादेवनांच्या सूचीतल्या, आधी कुठल्याच पुस्तकात न वाचलेल्या वीस मुद्रा त्यांच्यापुढे ठेवा, चौघांना वेगवेगळ्या खोल्या द्या, पाकिटे टाऊन हॉलमध्ये सगळ्यांसमक्ष फोडा. संस्कृतवाल्या दोघांची पाकिटे जरी एकमेकांशी जुळली, तरी एलामला एक आणि सिंधूला दुसरा न्याय लागतो, हे म्हणणे मी विचारात घेईन. सभागृहाचे भाडे आणि चहाचा खर्च माझ्याकडे.